एवाल्ड ग्रूश्काची सही

होल्टरबेकमध्ये एवाल्ड ग्रूश्का कोण असं विचारलंत, तर समोरचा माणूस आधी तुमच्याकडे असं बघेल की हा कुठल्या बिळातून वर आला, आणि मग बोटांवर मोजत सांगेल: फुटबॉलच्या फायनलमध्ये दोन गोल, राष्ट्रीय संघाकडून एकतीस सामने, आणि डाव्या पायाचा असा फटका की चेंडू गोलरक्षकाच्या पुढ्यातली माती उकरूनच आत जायचा. त्यावरूनच त्याला ‘शुप्पे’ म्हणायचे. शुप्पे म्हणजे आमच्या खाणीतलं कोळसा ओढायचं फावडं. आणि सगळ्यात शेवटी, आवाज जरा खाली आणून, तो माणूस हमखास सांगेल, “एवढा मोठा झाला, पण आलेल्या प्रत्येक पत्राला उत्तर दिलं हं त्याने. एकूण एक. आठ दिवसांच्या आत.”

ती उत्तरं इर्मगार्ड लिहायची. त्याची बायको. अठ्ठेचाळीस वर्षं, प्रत्येक पत्र, प्रत्येक सही. शुप्पेने स्वतः त्यातली एकही केलेली नव्हती, आणि हे त्या दोघांखेरीज जगात कुणाला ठाऊक नव्हतं.

याची सुरुवात काही कट करून झाली नव्हती. अशा गोष्टी कट करून होत नाहीत, त्या स्वयंपाकघरात होतात. एवाल्ड चौदाव्या वर्षी सोफिया खाणीत उतरला. त्याआधीची अर्धी शाळा युद्धात बुडाली, आणि उरलेली अर्धी एका अशा मास्तरच्या तावडीत गेली, जो डावखुऱ्या पोरांचा डावा हात बाकाला बांधून उजव्याने लिहायला लावायचा. त्या मास्तरला पाय बांधायचं सुचलं नाही, हे गावच्या क्लबचं नशीब. हाताचं मात्र कायमचं वाटोळं झालं. मोठेपणीही एवाल्डचं लिहिणं सात वर्षांच्या पोरासारखं, एकेक अक्षर वेगळ्या दिशेला तोंड करून उभं. इर्मगार्ड तेव्हा खाणीच्या कचेरीत हजेरीच्या खिडकीवर बसायची. शुक्रवारी सगळे कामगार वहीत सही करायचे, आणि हा एकटा दंडाने वही झाकून करायचा. याला एवढं काय लपवायचंय, म्हणून तिने एकदा मान वाकडी करून पाहिलं. तो कानापर्यंत लाल झाला. पुढच्या शुक्रवारी त्याने तिला नाचाला येतेस का म्हणून विचारलं. इर्मगार्डच्या मते तेव्हा तो प्रेमात वगैरे पडला नव्हता, तिने पाहिलेलं बाहेर फुटू नये याची तजवीज करत होता. प्रेम नंतर आलं, आणि आलं ते टिकलं.

मग ती फायनल झाली. त्या काळात खेळाडूंनाही पोटासाठी नोकरी करावी लागे; एवाल्ड सकाळची पाळी खाणीत करायचा आणि संध्याकाळी सरावाला जायचा. फायनलनंतरच्या सोमवारी पोस्टमन पत्रांची थैली घेऊन आला आणि कपडे धुवायच्या टोपलीत रिकामी करून गेला. प्रत्येक पाकिटात परतीचं दुसरं पाकीट, त्यावर पत्ता लिहिलेला, तिकीट लावलेलं. आमच्याकडे सही मागायची ती अशी, शिस्तीत.

“इर्मा,” एवाल्ड म्हणाला, “तुझं अक्षर चांगलं आहे.”

“मग?”

“मग लिही ना जरा.”

“किती आहेत?”

“असतील दहावीस.”

तीनशे बारा होती. इर्मगार्डने जुन्या हजेरीपत्रकाच्या पाठीमागे चारपाच नमुने करून पाहिले, आणि ‘ग्रूश्का’मधल्या पहिल्या अक्षराला असा एक झोका दिला की ते माती उचलणाऱ्या फावड्यासारखं दिसू लागलं. एवाल्डला ते इतकं आवडलं की त्याने ते नाकाजवळ धरून पाहिलं. पुढे तेच अक्षर क्लबच्या मफलरांवर छापलं गेलं, बिअरच्या पेल्यांवर आलं, आणि होल्टरबेकच्या दोन माणसांनी तर ते दंडावर गोंदवून घेतलं.

मैदानाच्या फाटकाशी पोरं वह्या पुढे करायची, तेव्हा एवाल्ड खिशातून आधीच सही केलेलं आपल्या फोटोचं कार्ड काढून द्यायचा. कुणी चेंडू किंवा सदरा पुढे केला तर म्हणायचा, “बाळा, घाईत गिचमिड होते. पत्र टाक, नीट करून पाठवतो.” दुसरे खेळाडू चालता चालता रेघोट्या ओढायचे, आणि हा म्हणतोय नीट करून पाठवतो! यातूनच तो भला माणूस ठरला. तसा तो भला होताच, पण लोक ज्याची शपथ घेत ते भलेपण इर्मगार्डच्या उजव्या हाताचं होतं. मुलगी जन्मली त्याच्या आदल्या दिवशी तिने साठ सह्या केल्या होत्या. आई गेली त्या आठवड्यातली पत्रं तेवढी दहाव्या दिवशी गेली, आणि त्याची रुखरुख तिला आईच्या जाण्याइतकीच लागली. हे आठवलं की तिला पुढे स्वतःचाच राग यायचा.

गुडघा गेल्यावर एवाल्डला क्लबने, त्या काळच्या रीतीप्रमाणे, एक दुकान लावून दिलं. तंबाखू, वर्तमानपत्रं, लॉटरी. पाटीवर नाव एवाल्डचं, पहाटे साडेपाचला शटर वर करायची ती इर्मगार्ड. एवाल्ड दहा वाजता यायचा, गल्ल्याशेजारच्या उंच स्टुलावर बसायचा आणि एक वाजेपर्यंत एवाल्ड ग्रूश्का असण्याचं काम करायचा. ते काम सोपं होतं असं नाही. दिवसाला तीस माणसं त्याला तेच दोन गोल सांगायची, आणि प्रत्येकाला वाटायचं की आपणच पहिल्यांदा सांगतोय. बाकी मग एकमेकांच्या आयमायचा उद्धार, जो आमच्याकडे नमस्काराच्या जागी चालतो.

“काय रे शुप्पे, अजून जिवंत?”

“तुझं तेरावं जेवल्याशिवाय जात नाही मी.”

अशी दुकानाची चाळीस वर्षं गेली. खाण बंद पडली, क्लब घसरत घसरत लीगच्या पाचव्या पायरीवर आला, पण पत्रं येतच राहिली. पूर्वीसारखी टोपलीभर नव्हे, आठवड्याला वीस-पंचवीस. आता ती चीनमधूनही येत, आणि ज्यांनी एवाल्डचा एकही सामना पाहिलेला नाही अशा लोकांकडूनही येत. इर्मगार्ड बहात्तर वर्षांची झाली होती. अंगठ्याचा सांधा सुजला होता. डॉक्टर म्हणाले, हा झिजलाय, विश्रांती द्या. फावड्याचा तो झोका घेताना कोपरापर्यंत कळ जायची. ती थकली होती, दुसरं काही नाही. दुकानाने थकली असती तर दुकान विकता आलं असतं. एका अक्षराने थकलेल्या बाईने काय विकायचं?

“एवाल्ड, मला हे आता बंद करायचंय,” असं ती वर्षातून दोनदा म्हणायची.

“कर ना,” तो म्हणायचा. मग जरा वेळाने, स्टुलावरून खिडकीबाहेर बघत, “फक्त लोक म्हणतील, म्हाताऱ्याच्या डोक्यात हवा गेली.”

आणि दुसऱ्या दिवशी ती पुन्हा पेन उघडायची. कारण त्याच्याजवळ तरी दुसरं काय उरलं होतं? गुडघा नव्हता, खाण नव्हती, सोबत खेळलेले अकरातले आठ मातीआड गेलेले. ‘प्रत्येक पत्राला उत्तर देणारा’ एवढीच एक गोष्ट रोज नव्याने खरी होत होती, आणि ती खरी करणं तिच्या हातात होतं.

क्लबला शंभर वर्षं होणार होती त्या वर्षाच्या वसंतात एवाल्डला अर्धांगाचा हलका झटका आला. तोंडाचा कोपरा दोन आठवडे खाली ओघळला आणि पुन्हा जागेवर आला. बोलताना मात्र मधेच एखादा शब्द सापडेना झाला, आणि तो सापडेपर्यंत तो हवेत बोटं फिरवत बसायचा. डोकं शाबूत होतं. ऑगस्टमध्ये क्लबचे अध्यक्ष डॉक्टर टीगेस दुकानात आले. हे दातांचे डॉक्टर, बाहेरगावचे, त्यामुळे त्यांची भाषा इस्त्री केलेली, प्रत्येक नावाआधी ‘हेर’ म्हणजे श्रीयुत, नाहीतर ‘फ्राऊ’ म्हणजे श्रीमती.

“हेर ग्रूश्का, आम्ही मैदानाच्या पूर्वेच्या स्टँडवर आपली सही बसवणार आहोत. लोखंडात. सहा मीटर लांब!”

“अरे बापरे,” एवाल्ड म्हणाला. “कोसळली तर?”

“आणि शताब्दीच्या दिवशी आपण सर्वांसमक्ष मोठ्या फळ्यावर सही करायची. लोहार तीच कापून काढेल. अगदी आपल्या हातची.”

इर्मगार्ड सिगारेटची पाकिटं मांडत होती, तिचा हात थांबला. “कार्डावरूनच घ्या ना डॉक्टर,” ती म्हणाली. “त्यांची तब्येत ही अशी. उगाच दगदग कशाला?”

“छे छे, फ्राऊ ग्रूश्का, लोकांसमोरच हवी. कार्यक्रम छापायला गेलाय.”

तिला वाटलं, एवाल्ड काहीतरी सबब सांगेल. पण एवाल्डने मान डोलावली. “करतो की. त्यात काय एवढं?”

दार बंद झाल्यावर ती त्याच्याकडे वळली. “त्यात काय एवढं? त्यात काय एवढं म्हणे! अरे, तुला सही येते का तुझी?”

“तू शिकव,” तो म्हणाला. “सहा आठवडे आहेत.”

मग सहा आठवडे दुपारी एक ते तीन, दुकान बंद असायच्या वेळात, स्वयंपाकघराच्या टेबलावर शाळा भरली. बटाट्याच्या सूपच्या थाळ्या बाजूला सरकवायच्या, लॉटरीच्या जुन्या चिठ्ठ्या उलट्या करायच्या, आणि त्र्याहत्तर वर्षांच्या विद्यार्थ्याने जीभ बाहेर काढून फावडं काढायचं.

“वरून खाली ये. मग झोका. झोका म्हटलं मी, धक्का नव्हे.”

“आलो ना खाली.”

“हे फावडं आहे? ही चप्पल आहे.”

“इर्मा, हे माझं नावच नाही. हे तू काढलेलं चित्र आहे. मला म्हणतेस तुझं चित्र मी जसंच्या तसं काढू.”

“अठ्ठेचाळीस वर्षं मिरवलंस ना ते?”

त्याने पेन खाली ठेवलं. मग म्हणाला, “हो. मिरवलं.” आणि पुन्हा पेन उचललं. पाचव्या आठवड्यात एक सही जमली. इर्मगार्डने ती चिठ्ठी उचलून उजेडात धरली. तिलाही फरक सांगता आला नसता. त्यानंतरच्या चाळीस पुन्हा चपलाच. त्या रात्री तिला झोप लागली नाही, आणि शेजारच्या उशीवर तोही छताकडे बघत होता.

“नाहीच जमलं, तर लोकांना वाटेल झटक्यामुळे हात गेला,” ती अंधारात म्हणाली. “वाटू दे. पुढचं निभावेल.”

“हं,” एवढंच तो म्हणाला.

शताब्दीच्या शनिवारी मैदानावर दीड हजार माणूस होतं. पाचव्या पायरीवरच्या क्लबसाठी हे म्हणजे महापूरच. खाणकामगारांच्या गायकमंडळातले उरलेले नऊ जण काळ्या गणवेशात गायले. महापौर बोलले, डॉक्टर टीगेस त्याहून जास्त बोलले. इर्मगार्ड पहिल्या रांगेत बसली होती, आणि तिच्या शेजारी मान्नी रिस्टाऊ होता. मान्नी म्हणजे निवृत्त ट्रामचालक, चाहत्यांच्या मंडळाचा प्रमुख, आणि शुप्पेच्या सह्यांचा जगातला सगळ्यात मोठा जाणकार. मांडीवर त्याचा जाडजूड अल्बम होता: चारशे बारा कार्डं, तारीखवार.

“ग्रूश्काबाई,” तो तिच्या कानाशी लागला, “सहासष्टनंतर झोका जरा रुंद झालाय बघा त्याचा. माणूस सुखात असला की अक्षर मोकळं होतं.”

सहासष्टमध्ये इर्मगार्डने टाकाचं पेन टाकून जाड निबाचं घेतलं होतं. ती म्हणाली, “असेल.”

“बाबांच्या खिशात एकसष्टचं कार्ड ठेवलं मी. शवपेटीत. छातीच्या खिशात. त्यांनी सांगूनच ठेवलं होतं.”

तेवढ्यात एवाल्ड व्यासपीठावर गेला. पांढऱ्या फळ्यासमोर उभा राहिला. त्याच्या हातात झाडूच्या दांड्याएवढं जाड पेन दिलं. त्याने पेनाचं टोपण काढलं, फळ्याकडे पाहिलं, टोपण परत लावलं, आणि ध्वनिक्षेपकाकडे गेला.

“मंडळी,” तो म्हणाला. “मला एक सांगायचंय. ही सही माझी नाही.”

कुणीतरी खोकलं.

“मी एकही... एकही...” शब्द सापडेना. बोटं हवेत फिरली. “पत्र. एकही पत्र मी लिहिलेलं नाही. सगळी इर्माने लिहिली. सह्या पण. मला फक्त लाथ मारता येते. लिहिलं तिने. अठ्ठेचाळीस वर्षं. तेव्हा तिने वर यावं, आणि तिची सही तिनेच करावी.”

मग मान्नी उभा राहिला आणि दोन्ही हातांचा कर्णा करून ओरडला, “हो रे शुप्पे! आणि ते दोन गोल पण तिनेच मारले!”

हसण्याचा असा गडगडाट झाला की स्टँडचा पत्रा थरथरला. आमच्याकडचे लोक हसायला निमित्तच शोधत असतात, त्यांची चूक नाही. पण एवाल्ड हसला नाही. त्याने हसणं ओसरायची वाट पाहिली आणि पुन्हा म्हणाला, “नाही. खरंच सांगतोय.” मग हसू रांगेरांगेने विझत गेलं. बायकांनी तोंडावर हात ठेवले. मागून कुणीतरी हळू म्हणालं, “अरेरे. शुप्पेचं डोकं गेलं रे.”

डॉक्टर टीगेसनी ध्वनिक्षेपकावर तळवा ठेवला आणि खाली वाकून विचारलं, “फ्राऊ ग्रूश्का?”

सगळे तिच्याकडे बघत होते. एवाल्डही बघत होता, हात तिच्याकडे किंचित पुढे केलेला. उठायचं, चार पायऱ्या चढायच्या, पेन घ्यायचं, एक झोका. अंगठा कितीही दुखला तरी तेवढं तिला झोपेतही आलं असतं. शेजारी मान्नीचं हसू अर्धवट राहून गेलं होतं आणि अल्बमवरची त्याची बोटं पांढरी पडली होती. तिच्या मनात आलं, उद्यापासून होल्टरबेकच्या प्रत्येक घरातून एक कार्ड भिंतीवरून उतरेल. लोक म्हणतील, शुप्पेने आयुष्यभर फसवलं. आणि तिला ते दुकानात, पहाटे साडेपाचपासून, एकेकाला समजावत बसावं लागेल. एवढी ताकद तिच्यात उरली नव्हती.

“थकलेत ते,” ती म्हणाली. “वसंतापासून होतं असं त्यांचं कधीकधी.”

टाळ्या वाजल्या. सगळं मैदान उभं राहिलं, दीड हजार माणूस, आणि टाळ्या थांबेचनात. डॉक्टर टीगेसनी एवाल्डला कोपराला धरून पायऱ्यांवरून खाली आणलं. सही मग मान्नीच्या अल्बममधल्या एका कार्डावरून घ्यायची ठरली.

दोघं घरी चालत आली. तिने सूप गरम केलं, त्याने पाव कापला. अर्धी थाळी संपल्यावर तो म्हणाला, “मला वाटलं होतं, तू वर येशील.”

“मी तुझंच बघितलं रे,” ती म्हणाली. “तुला खोटारडा म्हणाले असते.”

“म्हणू दे की. खोटारडा होतोच मी. वेडा नव्हतो.”

त्याने हे रागाने म्हटलं असतं तर बरं झालं असतं. त्याने पाव सूपमध्ये बुडवला आणि खाऊ लागला, आणि इर्मगार्डने आपली थाळी बाजूला सारली.

पुढच्या आठवड्यापासून दुकानात लोक एवाल्डशी सावकाश आणि मोठ्याने बोलू लागले. “एवाल्ड, आ—ज ऊन पड—लंय.” जणू तो बहिरा झाला होता, किंवा तीन वर्षांचा. त्याच्या हातातलं वर्तमानपत्र सुलटं आहे ना हे पाहून घ्यायचे. तो रस्ता ओलांडायला निघाला की दोन्ही बाजूंनी दोन माणसं त्याचे दंड धरायची. डॉक्टर टीगेसच्या बायकोने वृद्धाश्रमाचं रंगीत माहितीपत्रक पाठवलं, त्यात सगळे म्हातारे हसत होते. आणि शिवी तर एकानेही दिली नाही. एवाल्डने वाट पाहिली, स्वतःहून खोडी काढून पाहिली. “काय रे मान्नी, ट्राम विकून खाल्लीस का?” तो म्हणाला. चाळीस वर्षांत या प्रश्नाला मान्नीने कधी सभ्य उत्तर दिलं नव्हतं. त्या दिवशी मान्नीने त्याचा हात हातात घेतला, थोपटला, आणि गल्ल्यावर केळी ठेवली.

“मऊ आहेत,” तो इर्मगार्डला म्हणाला. “चावायला सोपी.”

एवाल्ड केळ्यांकडे बघत राहिला. दुसऱ्या दिवशी तो स्टुलावर बसायला आला नाही, तिसऱ्याही दिवशी नाही. घरी खिडकीपाशी बसून राहायचा. आणि पत्रं मात्र दुप्पट येऊ लागली, कारण बातमी पेपरात आली होती आणि लोकांना वाटत होतं, उशीर व्हायच्या आत सही मागून घ्यावी.

तीन आठवडे इर्मगार्डने हे सोसलं. एका मंगळवारी दुपारी तिने कोट चढवला, रुमाल बांधला आणि पर्समध्ये जाड निबाचं पेन टाकलं.

“कुठे?” एवाल्डने खिडकीपाशी बसूनच विचारलं.

“मान्नीकडे. त्याच्यासमोर सही करून दाखवते. वीस करते. त्याला पटलं की गावाला पटेल. चुकले मी, एवाल्ड. त्या दिवशीच उठायला हवं होतं मला.”

“बस.”

“नाही. तुला त्यांनी केळी खायला लावली. माझ्यामुळे.”

“बस गं जरा. कोट राहू दे अंगात, पण बस.”

ती टेबलाशी बसली. तो उठून समोर येऊन बसला. मधे त्या आठवड्याची पत्रं होती, एकावन्न.

“मान्नीच्या बापाला उकरून काढणार आहेस का तू?” तो म्हणाला. “खिशातलं कार्ड परत घ्यायला? राहू दे. मी तीन आठवडे विचार करतोय. दुसरं काम काय मला? मला सांग, माझं डोकं गेलंय ना?”

“असं बोलू नकोस.”

“मी नाही, गाव बोलतंय. पेपर बोलतोय. गेलंय ना?”

“लोकांना वाटतंय तसं.”

“मग डोकं गेलेला माणूस...” शब्द हरवला. त्याने बोटं फिरवली, आणि या वेळी इर्मगार्डने तो शब्द पुरवला नाही, वाट पाहिली. “पत्रांना,” तो म्हणाला, “पत्रांना उत्तर देत नाही, इर्मा. त्याच्याकडून कुणी मागतही नाही. आणि म्हाताऱ्याच्या डोक्यात हवा गेली, असंही कुणी म्हणत नाही. सुटलीस तू.”

तिला आधी कळलंच नाही. मग कळलं, आणि कोट अंगात असतानाच ती रडू लागली, तोंड न झाकता. वर्षातून दोनदा ती मागायची आणि तो खिडकीबाहेर बघायचा. आता त्याने दिलं होतं, ते त्याच्याजवळ उरलेला शेवटचा मान मोजून दिलं होतं, आणि त्यातलं काहीही परत येणार नव्हतं.

“आणि तुला ते तसं वागवतील, मरेपर्यंत,” ती म्हणाली.

“वागवू दे. चौऱ्याहत्तर पुरी होतील आता. अजून किती केळी आणतील?” त्याने पत्रांचा गठ्ठा स्वतःकडे ओढला. “एक कोरा कागद दे. मोठा. आणि ते पेन.”

त्याला पाऊण तास लागला. तिने मदत केली नाही, फक्त कोट उतरवून ठेवला आणि कॉफी केली. दुपारी तीन वाजता दुकान उघडायला तो स्वतः गेला आणि त्याने तो कागद आतून काचेला चिकटवला. त्यावर एकेक अक्षर वेगळ्या दिशेला तोंड करून उभं होतं: “आजारपणामुळे यापुढे सह्या पाठवता येणार नाहीत. क्षमा असावी. एवाल्ड ग्रूश्का.”

चार वाजेपर्यंत काचेबाहेर सातआठ माणसं जमली. मान्नीने चष्मा वर करून, नाक काचेला टेकवून ते नाव वाचलं. नंतर आत आला, टोपी काढली, आणि स्टुलावर बसलेल्या एवाल्डला ऐकू जाणार नाही अशा बेताने, पण त्याला नीट ऐकू गेलं अशा आवाजात, इर्मगार्डला म्हणाला, “बाई गं, हातसुद्धा गेला हो त्याचा.”

“हो,” इर्मगार्ड म्हणाली, आणि त्याला त्याचा तंबाखू दिला.